दोनशे चाळीस चिंचोके

रंगूमावशी जुड्या मोजते तेव्हा तिचे डोळे गिऱ्हाइकाकडे असतात. कोथिंबिरीच्या पाच जुड्या या हातात, पाच त्या हातात, आणि तोंडाने कुणाच्या तरी मुलीच्या लग्नाची चौकशी चालू. शंभरचा ढीग झाला की हात आपोआप थांबतात. मी दोनदा तिच्या नकळत तो ढीग मोजून पाहिला. दोन्ही वेळा शंभर भरले. सातपूरच्या एका कंपनीत मी प्रेशर गेज आणि वजनकाटे तपासायचं काम करतो. मोजणारी वस्तू नीट मोजते की नाही ते बघायची मला सवयच लागली आहे. तेव्हा आधी नुसतं तपासलं, कौतुक नंतर वाटायला लागलं.

तिचं नाव रंगूबाई चिमाजी गायधनी. वय चौपन्न. शाळा दुसरीपर्यंत. अक्षरं तिला जड जातात, आकडे मात्र कुठलेही वाचते, अगदी मोबाइलच्या रिचार्जच्या मेसेजमधलेसुद्धा. नाशिकरोडच्या भाजीबाजारात ती गेली तेवीस वर्षं बसते आहे. पळशाला त्यांचं तीस गुंठे रान आहे. तिथे तिचे यजमान चिमाजीमामा मेथी, कोथिंबीर, शेपू करतात आणि शेतातल्या खोलीतच राहतात. जेलरोडच्या फ्लॅटवर आले की दुसऱ्या दिवशी सकाळीच त्यांना मेथीला पाणी द्यायचं आठवतं. घरचा माल पुरला नाही की मावशी पंचवटीच्या मार्केट यार्डात लिलावातून शेकड्याने जुड्या उचलते, घरी आणून मोठी जुडी सोडते आणि तिच्या दोन लहान बांधते. घरचा माल जास्त झाला तर उलटा प्रवास. तो मार्केटला जातो आणि तिथून पट्टी येते. पट्टी म्हणजे विक्रीचा कागद. माल कितीला गेला, त्यातून हमाली किती, तोलाई किती आणि शेवटी हातात किती. शेवटचा आकडा सोडून पट्टीतल्या दुसऱ्या कुठल्याही आकड्यावर हुरळून जायचं नाही, हे पळशातल्या लहान पोरालाही माहीत असतं.

आणि तरीही घराच्या कर्जात ही बाई चार वर्षं चुकीचा आकडा बघत राहिली. ती चूक तिने कशी पकडली, ते मला लिहायचं आहे.

फ्लॅट आमच्याच बिल्डिंगमध्ये आहे. आम्ही दुसऱ्या मजल्यावर भाड्याने, ते तिसऱ्यावर स्वतःच्या घरात. २०२० च्या दिवाळीत त्यांनी तो घेतला. तीस लाखांत सगळं धरून एक बेडरूम, हॉल, किचन आणि पार्किंगमध्ये एका मोटरसायकलची जागा. सहा लाख घरचे घातले. त्यातले दोन मावशीच्या भिशीचे होते. उरलेल्या चोवीस लाखांचं कर्ज मुलाच्या, म्हणजे भारतच्या नावावर. भारत सिन्नरच्या एमआयडीसीत सीएनसी मशीन चालवतो. दर साडेसात टक्के, मुदत वीस वर्षं, हप्ता एकोणीस हजार तीनशे चौतीस.

बँकेत सही झाली त्या दिवशी मावशीने साहेबाला एकच प्रश्न विचारला होता: असे हप्ते किती? साहेब म्हणाला, दोनशे चाळीस. घरी येऊन तिने पळशाच्या चिंचेचे चिंचोके निवडले, फुटके बाजूला काढले आणि मोजून दोनशे चाळीस एका पत्र्याच्या डब्यात भरले. दर महिन्याच्या पाच तारखेला भारतच्या मोबाइलवर हप्ता कापल्याचा मेसेज येतो. मेसेज आला की मावशी एक चिंचोका काढून टाकते. त्याआधी चार तारखेला ती तिचे सहा हजार भारतच्या हातावर ठेवते. यात चार वर्षांत एकदाही खंड पडलेला नाही, चिकुनगुनियाने झोपली होती त्या महिन्यातही नाही.

तिने घरात जाहीरच केलं होतं की डबा रिकामा होईल त्या दिवशी ती टोपली खाली ठेवणार. तेव्हा ती सत्तर वर्षांची असेल. त्यानंतर बाजाराकडे पाठ करून पळशाला बांधावर बसायचं आणि चिमाजीमामांना सूचना द्यायच्या. सून मंजुषा तिला चिडवायची, "आई, तुम्ही नुसत्या बसणार? मामा दोन दिवसांत तुम्हाला परत पाठवतील." मावशी म्हणायची, पाठवू दे, पण डबा रिकामा झाल्यावर.

पुढे व्याजाचे दर वाढले. भारतच्या कंपनीत ज्यांची ज्यांची कर्जं होती, त्यांच्यापैकी बऱ्याच जणांचे हप्ते दोन-अडीच हजारांनी चढले. भारतला बँकेचा एक लांबलचक इंग्रजी मेसेज आला. त्यातलं त्याने नेमकं एवढं वाचलं की हप्त्याची रक्कम आहे तीच राहील. त्या रविवारी त्याने घरी मिसळ केली आणि आम्हालाही वर बोलावलं. सगळ्यांचा हप्ता वाढला, आपला नाही, हे त्याने तीन वेळा सांगितलं. मीही मिसळ खाल्ली आणि त्याचं अभिनंदन केलं. इतकं शिकून मलाही शंका आली नाही.

मावशीला शंका न येण्याचं कारण वेगळं होतं. ती बाजारात वीस बायकांची भिशी चालवते. वीस बायका, महिन्याला हजार, वीस फेऱ्या. भिशीत हप्ता हलला नाही म्हणजे फेऱ्याही हलत नाहीत. तेवीस वर्षं हेच गणित हातात असल्यावर, हप्ता तोच असताना शेवट पुढे सरकेल, हे तिच्या मनात येणार तरी कसं?

गेल्या दिवाळीनंतर, म्हणजे २०२४ च्या नोव्हेंबरात, भारतच्या कंपनीत पगाराचा करार झाला आणि मागच्या थकबाकीचे एक लाख वीस हजार त्याच्या हातात आले. त्याला गाडी घ्यायची होती. मौज म्हणून नव्हे. तेव्हा तो रोज मोटरसायकलवर सिन्नरला जायचा, पुणे रोडने, ट्रकांच्या मधून, आणि दोन महिन्यांपूर्वी शिंदे गावाजवळ एका टेम्पोने त्याला घासून नेलं होतं. गुडघा अजून वाकवताना दुखतो. द्वारका चौकाजवळ एका डीलरकडे सात वर्षं वापरलेली गाडी दोन लाख साठ हजारांत मिळत होती. पाच हजार टोकन देऊन झाले होते. थकबाकीचे पैसे गाडीत घालायचे आणि उरलेल्याचं कर्ज काढायचं असं ठरलं. त्यासाठी घराच्या कर्जाचा उतारा लागणार होता. आमच्याकडे प्रिंटर आहे, म्हणून भारतने तो माझ्या मोबाइलवर पाठवला आणि रविवारी सकाळी मी छापून वर घेऊन गेलो.

भारत अंघोळीला गेला होता. मंजुषा ब्लाउज शिवत होती. मावशी हॉलमध्ये ओल्या गोणपाटावर जुड्या बांधत बसली होती. कागद बघून तिने सहज विचारलं, किती राहिले म्हणतोय कागद?

मी वाचलं, दोनशे एकोणसत्तर.

"नीट वाच, इंजिनियर. एकशे ब्याण्णव."

मी परत वाचलं. कागद तिच्यापुढे धरला. आकडा तिने स्वतः वाचला. मग उठली, आतून डबा आणला आणि गोणपाटाच्या कोपऱ्यावर रिता केला. पाच-पाचने मोजले. एकशे ब्याण्णव. पुन्हा मोजले. तेवढेच. तिने नातीला हाक मारली. वेदिका आठ वर्षांची आहे आणि चिंचोक्यांनी खेळते, तेव्हा पहिला संशय तिच्यावर जाणं साहजिकच होतं. पण वेदिकाने घेतले असते तर डब्यात कमी भरले असते. इथे कागदातच सत्त्याहत्तर जास्त होते. मावशीच्या हे मधेच लक्षात आलं आणि तिने नातीला खेळायला परत पाठवून दिलं.

"दोनशे चाळीसमधले अठ्ठेचाळीस भरले," ती म्हणाली, "मग दोनशे एकोणसत्तर राहतात कसे?"

मी कागदाचं पुढचं पान उलटलं. खरं सांगायचं तर तोपर्यंत मीही असं पान कधी नीट वाचलं नव्हतं. मग मोबाइलवर हिशेब मांडून बघितला. दोन वर्षं साडेसात टक्के, त्यानंतर नऊ टक्के, हप्ता तोच. आकडा बरोबर होता. शेवटचा हप्ता नोव्हेंबर २०४० ऐवजी एप्रिल २०४७ मध्ये. भारत अठ्ठावन्नाव्या वर्षी कंपनीतून निवृत्त होणार आणि हप्ता त्याच्या पुढेही चालू राहणार. मावशी तेव्हा सत्त्याहत्तरची.

मी हे सगळं टक्के, दर, मुदत असं सांगायला लागलो. तिने हात वर करून थांबवलं.

"ते राहू दे. ह्या हप्त्याची पट्टी दाखव. एकोणीस हजार गेले. त्यात हमाली किती गेली, अन् माझ्या मालाला किती लागले?"

मी इतकी वर्षं इंजिनियरिंगच्या लोकांत वावरतो, पण घराच्या कर्जाबद्दल इतका नेमका प्रश्न मी तोवर ऐकला नव्हता. कागदावर दोन रकाने होते. मी वाचून दाखवले. पुढच्या हप्त्याचे एकोणीस हजार तीनशे चौतीस. त्यातलं व्याज सोळा हजार सातशे चौतीस. मुद्दल दोन हजार सहाशे.

सुतळी तिच्या हातात तशीच राहिली.

"एकोणीसच्या पट्टीत पावणेसतरा हमाली," ती सावकाश म्हणाली. "मार्केटात अशी पट्टी आली असती तर त्याच्या टेबलावर ठेवून आले असते मी."

मंजुषाने शिलाई मशीन थांबवलं. मावशीने मग चार वर्षांची बेरीज विचारली. अठ्ठेचाळीस हप्ते मिळून नऊ लाख अठ्ठावीस हजार भरले होते. चोवीस लाखांचे झाले होते बावीस लाख एकतीस हजार. म्हणजे सव्वानऊ लाखांतले जेमतेम पावणेदोन लाख घराच्या मुद्दलाला लागले होते. आणि असंच चालू राहिलं तर चोवीस लाखांपायी एकूण एकसष्ट लाख भरावे लागणार होते. ठरलं होतं तेव्हा ते सेहेचाळीस होते.

हे ऐकून मंजुषाच्या डोळ्यांत पाणी आलं. मावशी रडली नाही. ती विचार करत होती. मला तिची आवडलेली गोष्ट हीच. फसवलं, लुटलं असा आरडाओरडा तिने केला नाही. दर वाढला तर हप्ता तोच ठेवून बँकेने काय केलं असेल, हे तिने माझ्याशिवायच जुळवलं. हमाली वाढली, पट्टी तेवढीच राहिली, म्हणजे मुद्दलाच्या वाट्याला कमी आलं. वाट्याला कमी आलं म्हणून फेऱ्या वाढल्या. तिने ते दोन जुड्या इकडे-तिकडे ठेवून मंजुषाला समजावलंसुद्धा.

आणि मग तिने दुसरा प्रश्न विचारला.

"वरून दिलेल्या पैशाला हमाली हाय का?"

मला आधी कळलं नाही. ती म्हणाली, हप्ता सोडून वेगळे पैसे नेऊन दिले तर त्यातून काही कापतात की सगळे मुद्दलाला लागतात? मी सांगितलं, अशा बदलत्या दराच्या कर्जात काही कापत नाहीत. सगळे मुद्दलाला लागतात.

"सगळे?"

"सगळे."

ती सरळ बसली. "मग सांग, भारतची थकबाकी घातली तर किती चिंचोके कमी होतील?"

मी हिशेब केला. उत्तर आलं त्यावर माझाच विश्वास बसेना, म्हणून पुन्हा केला. एक लाख वीस हजार एकदम भरले तर दोनशे एकोणसत्तरचे दोनशे एकोणतीस होत होते. चाळीस हप्ते. एकोणीस-एकोणीस हजारांचे चाळीस म्हणजे पावणेआठ लाखांच्या आसपास.

भारत टॉवेलने डोकं पुसत बाहेर आला. गोणपाटावर चिंचोक्यांचे दोन ढीग होते. मोठ्या ढिगातून मावशीने चाळीस मोजून वेगळे काढले होते आणि डीलरने दिलेल्या गाडीच्या फोटोच्या कागदावर ठेवले होते.

झालं ते मंजुषाने त्याला सांगितलं. मधेमधे मी आकडे पुरवले. भारत आधी माझ्यावरच वैतागला. त्याचं म्हणणं, सगळ्यांचीच कर्जं अशी असतात, वीस वर्षांची पंचवीस होतात, माणसं भरतात. मग बँकेवर वैतागला. मग तो मेसेज मोबाइलमध्ये शोधून काढला आणि या वेळी पूर्ण वाचला. हप्ता तोच राहील, याच्या पुढच्याच वाक्यात मुदत वाढल्याचं लिहिलेलं होतं. तो खुर्चीत बसला.

"मिसळ घातली मी सगळ्यांना," तो म्हणाला.

मग मावशीच म्हणाली, मिसळ चांगली झाली होती, रस्सा जरा कमी पडला.

पण गाडीवरून भारत हटला नाही. त्याने गुडघा दाखवला. हायवेवर तो टेम्पो चार बोटं इकडे आला असता तर हप्ते कुणी भरले असते, असं विचारलं. यात खोटं काहीच नव्हतं. मला वाटलं मावशी आता आईचा हक्क वापरेल, शपथ घालेल, पदर डोळ्याला लावेल. तिने तसलं काही केलं नाही. कागदावरचे चाळीस चिंचोके ओंजळीत घेतले आणि त्याच्या हातात दिले.

"गाडी घेऊ नको म्हणत नाय मी. तुझा जीव लाखाचा हाय. पण तिची किंमत दोन साठ नाय, तेवढं बघून घे. तुझ्या अंगावर चाळीस महिने हायेत, ते तुझ्या हातात दिले. बासष्ट हजार पगारवाला झालास तरी महिना तेवढाच लांब असतो."

"घर आपलंच आहे ना पण आई."

"भिंती आपल्या. महिने त्यांचे."

एवढं बोलून ती जुड्या बांधायला लागली. बाजाराची वेळ झाली होती. भारतने ते चिंचोके मुठीत घेतले. मग शर्टाच्या खिशात टाकून बाहेर गेला.

पुढचे तीन दिवस चिंचोके त्याच्या खिशातच होते. शर्ट बदलला की नव्या शर्टाच्या खिशात जायचे. हे मंजुषाने मला नंतर सांगितलं. कंपनीत जेवणाच्या सुट्टीत त्याने ते टेबलावर काढून ठेवले आणि शेजारच्या मशीनवरच्या भिकनला सगळं सांगितलं. भिकनकडे गाडी आहे आणि तो जेलरोडजवळच्या उपनगरला राहतो. बोलता बोलता असं निघालं की भिकन रोज एकटाच गाडी घेऊन येतो, त्याला पेट्रोल परवडत नाही, आणि त्याच शिफ्टला जेलरोडचे आणखी दोघे मोटरसायकलवर येतात. चौघांनी पेट्रोल वाटून घ्यायचं ठरलं. भारतच्या वाट्याला येणारी रक्कम मोटरसायकलच्या पेट्रोलपेक्षा दोन-तीनशे रुपये जास्त होती. पण पुणे रोडवर त्याच्याभोवती आता चार दरवाजे असणार होते.

बुधवारी संध्याकाळी तो बाजारात गेला. मावशी गिऱ्हाइकाला शेपू देत होती. त्याने खिशातून चिंचोके काढून तिच्या तागडीत टाकले आणि म्हणाला, "हे घे. मला वागवायला जड होतात."

टोकन परत आणायला मंजुषा गेली. डीलरने पाचातले दोन हजार कापून तीन दिले. मावशी म्हणाली, त्याचीबी हमाली.

बँकेत मी सोबत गेलो होतो, पण माझं काम फारसं पडलं नाही. कर्ज विभागातला अधिकारी तरुण होता, नीट बोलला. मुदत वाढवल्याचा मेसेज पाठवला होता हे त्याने दाखवलं. हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला निवडता येतं, हेही सांगितलं. मावशीने विचारलं, निवडायचं होतं तर विचारलं का नाही? तो म्हणाला, मेसेजमध्ये लिहिलं होतं. ती म्हणाली, लिहिलं होतं हे बरोबर, पण माझी भिशी असती अन् मी फेऱ्या वाढवल्या असत्या, तर वीसच्या वीस बायकांच्या घरी जाऊन आले असते. त्याने फॉर्म पुढे केला आणि पेनाने एक चौकट दाखवली. जादा रक्कम भरल्यावर हप्ता कमी करायचा की मुदत. भारतचं पेन क्षणभर थांबलं. हप्ता हजारभराने कमी होणार होता आणि घरात वेदिकाची फी होती. त्याने आईकडे पाहिलं. मावशी समोरच्या भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत होती, अगदी मुद्दाम. त्याने मुदतीच्या चौकटीत खूण केली.

घरी आल्यावर मावशीला उरलेलं गणित हवं होतं. दोनशे एकोणतीस आणि डब्यात एकशे ब्याण्णव. सदतीस अजून कागदातच जास्त. ते कसे काढायचे? मी वेगवेगळे आकडे घालून पाहिले. महिन्याला साधारण साडेचौदाशे रुपये वरून भरले तर एकशे ब्याण्णवला बरोबर येत होतं. तिने लगेच दिवसाचा हिशेब केला. पन्नास रुपये. पन्नास रुपये म्हणजे तिच्या पाच जुड्या, आणि थंडीत कोथिंबीर उतरली की सात-आठ.

"पाच जुड्या तर मी गिऱ्हाइकांना वरूनच देते," ती म्हणाली.

ही तिची जुनी सवय. ओळखीच्या गिऱ्हाइकाने दोन जुड्या घेतल्या की ती कढीपत्त्याच्या चार काड्या आणि कधी एखादी लहान जुडी पिशवीत टाकते. ती तिने बंद केली असेल असं मला वाटलं होतं. केली नाही. त्याऐवजी संध्याकाळी एक तास जास्त बसायला लागली. त्या तासाचे पहिले पन्नास रुपये वेगळ्या कापडी पिशवीत जातात. महिन्याचे दीड हजार होतात. चार तारखेला आता सहाऐवजी साडेसात हजार भारतच्या हातावर येतात आणि वरचे दीड हजार तो वेगळे भरतो.

दीड हजारांवर मी पुन्हा एकदा हिशेब केला. एकशे एक्क्याण्णव आले. जिन्यातच सांगितलं तर मावशीने मला वर बोलावलं, डबा आणला, एक चिंचोका काढला आणि खिडकीतून खाली टाकला. मग झाकण लावताना म्हणाली, "आता बरोबर."

या वर्षी व्याजाचा दर थोडा उतरला. भारतला मेसेज आला, आणि त्यात पुन्हा लिहिलं होतं की हप्ता आहे तोच राहील. या वेळी त्याने मिसळ केली नाही. कागद छापून घेतला आणि आईपुढे ठेवला. मावशीने आधी मुद्दलाचा रकाना बघितला, मग राहिलेल्यांचा आकडा, आणि डब्यातून आणखी काही चिंचोके काढले. किती काढले ते तिने मला सांगितलं नाही. दर वर्षी पट्टी बघायची आणि डबा जुळवायचा, एवढं तिने ठरवून टाकलं आहे. सत्तराव्या वर्षी टोपली ठेवायचा शब्द ती आता जरा अलीकडे ओढायच्या बेतात आहे. भारतचं म्हणणं, तो तिला अडुसष्टलाच उठवणार.

परवा मी भाजी घ्यायला गेलो होतो. मावशीच्या शेजारी अक्काबाई बसते, झेंडू आणि शेवंतीचे हार करते. तिच्या मुलाने पाथर्डी फाट्याला घर घेतलं आहे. अक्काबाई कौतुकाने सांगत होती की हप्ता बावीस हजार आहे, पण दोन वर्षांत एक रुपयाने वाढला नाही.

रंगूमावशीच्या हातात मेथी होती. पाच या हातात, पाच त्या हातात. बोलताना ती सहसा खाली बघत नाही, आणि मोजणं थांबवत तर कधीच नाही. या वेळी तिने जुड्या खाली ठेवल्या.

"हप्ता राहू दे अक्का," ती म्हणाली. "राहिले किती, ते विचारलंस का त्याला?"

अक्काबाईने विचारलेलं नव्हतं. मावशीने स्वतःचा मोबाइल पदराला पुसून तिच्यापुढे धरला.